गलीतला धोंडा

१

आमच्या क्लबाच्या नावात ‘कोस्टल’ आहे आणि समुद्र आमच्यापासून गाडीनं दोन तासांवर आहे. पाहुण्यांना हे सांगितलं की ते हसतात, मग मीही हसतो. पोलादपूरहून कापड्याकडे जाताना एक कच्चा चढ फुटतो. तो वावळवाडी ओलांडून वरच्या माळावर संपतो, आणि तिथं आमचं नऊ होलचं गोल्फचं मैदान आहे. महाडच्या औद्योगिक वसाहतीतल्या काही साहेबलोकांनी चाळीस वर्षांपूर्वी ते करून घेतलं. त्यांच्यातल्या एकानं परदेशात समुद्रकाठचा गोल्फ पाहिला होता आणि त्याला क्लब हवा होता तो तसाच. समुद्र काही मिळाला नाही, नाव तेवढं मिळालं.

मी किशोर, या क्लबाचा सेक्रेटरी. पगारी नव्हे, हौशी. सगळी नोकरी एका औषध कारखान्याच्या प्रयोगशाळेत काढली, निवृत्त झालो आणि हे गळ्यात पडलं. चाळिशीच्या समारंभासाठी क्लबाचा इतिहास लिहायचं कामही अध्यक्षांनी माझ्याच माथी मारलं. ‘तुम्हाला वेळ आहे,’ म्हणाले. निवृत्त माणसाला हे वाक्य जितकं लागतं तितकं दुसरं काही लागत नाही.

इतिहास तसा गमतीचा होता. पहिली हिरवळ बकऱ्यांनी खाल्ली. दुसरी उन्हानं खाल्ली. वाळूच्या खड्ड्यात वावळवाडीच्या म्हशी येऊन बसायच्या आणि साहेबलोक त्यांना इंग्रजीतून हाकलायचे. पहिले होल म्हणजे जमिनीत पुरलेले वनस्पती तुपाचे डबे होते. मी हे सगळं चवीनं लिहीत होतो. पण खरं सांगायचं तर त्या हिवाळ्यात माझा जीव इतिहासात नव्हता. तो माझ्या मुलीत, अक्षदात अडकला होता.

अक्षदा आमची एकुलती एक, एकोणीस वर्षांची. याच माळावर माझ्यामागे धावता धावता खेळ शिकली. जानेवारीत पुण्याला राज्याच्या संघासाठी निवड चाचणी होती. तिचा लांबचा फटका बघायला लोक थांबत. पण शेवटच्या चार पावलांवर, ‘पट’ मारायची, म्हणजे चेंडू हलकेच ढकलून होलात घालायची वेळ आली, की तिचे हात थरथरायचे. दोनदा ती यातच बाद झाली होती. या वेळीही बाद झाली असती तर तिनं खेळ सोडला असता. तसं ती बोलली नव्हती, पण बापाला ते कळतं.

२

संध्याकाळी खेळ संपला की मैना टोपली घेऊन निघायची. मैना वावळवाडीची, पन्नाशीची बाई. मैदानावर झाडलोट, पाणी, सगळं तीच बघायची. ती प्रत्येक होलमधला झेंडा काढायची आणि टोपलीतला एक धोंडा आत ठेवायची. सावित्रीच्या पात्रातले गुळगुळीत गोटे, मुठीत मावतील एवढे. सकाळी परत काढून घ्यायची. वाडीतले सगळे होलला ‘गल’ म्हणतात. पोरं गोट्या खेळायला जमिनीत करतात ना, ती गल.

इतकी वर्षं मी हे पाहत होतो आणि कधी विचारलं नव्हतं. इतिहास लिहायचा म्हणून विचारलं.

“गल रातची मोकळी ठेवायची नसते, सायेब.”

“का गं?”

“सासू ठेवायची म्हून मी ठेवते.” तिनं गुडघे चोळले. “नऊ धोंडं वाहून वाहून गुडघं मातुर गेलं माजं.”

आम्ही नुकतेच मुंबईहून प्लास्टिकचे नवे कप आणले होते. होलच्या आत बसवायचे, पांढरेशुभ्र. धोंड्यांनी त्यांना चरे पडायला लागले होते. मला वाटलं, यात अवघड काय आहे? गल मोकळी ठेवायची नाही, एवढंच ना? मग झाकणं करू. वसाहतीत प्लास्टिकचे साचे काढणारा एक माझ्या ओळखीचा होता. त्यानं नऊ झाकणं करून दिली. हिरवी, घट्ट बसणारी, वर धरायला छोटी मूठ.

मैनेला मी ती दाखवली तेव्हा तिचा चेहरा उजळला. “बरा झाला बाबा! ही तर पदरात पन जातील.” मलाही बरं वाटलं. रीत राहिली, कप राहिले, गुडघे राहिले. धोंडे वाया का घालवा म्हणून गवंड्यानं ते समारंभाच्या फलकाभोवती सिमेंटमध्ये बसवले आणि चुना फासला. फार सुरेख दिसत होते. मी त्यांचा फोटोसुद्धा काढला.

३

सातव्या होलचं झाकण तिसऱ्या की चौथ्या सकाळी बाजूला पडलेलं मिळालं, उलटं.

वांदर, मी म्हटलं. आमच्याकडे वांदरं काय करतील याचा नेम नाही. मैनेनं ते पुन्हा बसवलं. दुसऱ्या दिवशी पुन्हा तसंच. मग मी साळिंदराला दोष दिला, मग वाऱ्याला. वारा त्या हिवाळ्यात नव्हताच. धुकं मात्र रोज असायचं. संध्याकाळी खोऱ्यातून वर यायचं आणि उन्हं आल्यावर जायचं. मी झाकण हातात घेऊन पाहिलं. आतल्या बाजूला ओल होती, ती दवाची. ओलीत पाच ठिपके होते, एकमेकांना लागून. दवाचे थेंब कसेही पडतात. मी ते रुमालानं पुसलं आणि झाकण परत लावलं.

त्याच आठवड्यात अक्षदा घरी उड्या मारत आली. आम्ही महाडला राहतो, ती स्कूटरनं माळावर सरावाला जायची. “बाबा, सातव्यावर माझे सगळे पट जातायत! सगळे!”

तिची आई मीना भाजी चिरत होती, तिनं सुरी खाली ठेवून टाळ्या वाजवल्या. मी काय सांगू, माझ्या डोळ्यांत पाणी आलं. दोन वर्षांनी त्या पोरीचा चेहरा असा पाहिला होता.

दुसऱ्या दिवशी मी मुद्दाम बघायला गेलो. ती होलभोवतीच्या हिरवळीच्या कडेला उभी राहिली, चेंडू ढकलला. सरळ आत. दुसरा, सरळ आत. तिसरा डावीकडे चालला होता. पण होलजवळ गेल्यावर तो मंदावला, थांबला असं वाटलं, आणि मग वळून आत गेला.

“बघितलंस?” ती हसली.

मी बघितलं होतं. आणि काहीतरी चुकल्यासारखंही वाटत होतं, पण काय ते सापडेना. घरी जाताना गाडीत ते माझ्या लक्षात आलं. चेंडू होलात पडला की प्लास्टिकच्या कपात खडखडतो. गोल्फ खेळणाऱ्याला त्या आवाजाइतका गोड आवाज दुसरा नाही. सातव्या होलात तो आवाज आला नव्हता. एकदाही नाही. कुणी हातात झेलावा तसा चेंडू आत जात होता आणि पुढे काहीच ऐकू येत नव्हतं.

४

मी केमिस्ट माणूस. आवाज आला नाही याला कारण असणार आणि ते जमिनीत असणार. दुसऱ्या दिवशी दुपारी मी सपाटी बघायची गवंड्याची पाणसळ घेऊन गेलो. उन्हात माळ अगदी भोळा दिसत होता. खाली वाडीत कुणी भात कांडत होतं, वसाहतीच्या बाजूनं नेहमीचा आंबूस वास येत होता. हिरवळ मोजली. उतार होता तो होलपासून दूर जाणारा. म्हणजे मंदावलेला चेंडू वळून आत जायला नको होता, उलट बाहेर जायला हवा होता.

ठीक. उतार मोजताना चूक होऊ शकते.

मी झेंडा काढला आणि वाकून आत पाहिलं. कपाचा तळ नव्हता. पांढरी कड होती, तिच्याखाली काळोख. पाणी झिरपून माती खचली असणार. कोकणातल्या पावसात अख्खे डोंगर खचतात, एका कपाचं काय घेऊन बसलात? मी खिशातला चेंडू आत सोडला आणि कान दिला. आवाज नाही.

मग मी गुडघ्यांवर बसलो आणि हात आत घातला.

मनगटापर्यंत गेला. ओली, थंड माती. कोपरापर्यंत गेला. तळ लागेना. मला अजून भीती वाटत नव्हती, कपड्यांना माती लागेल एवढीच चिंता होती. मी बोटं ताणून चाचपत होतो आणि तेवढ्यात चेंडू माझ्या तळहातात आला.

आला म्हणजे दिला गेला. खालून, हलकेच, नीट तळहाताच्या मध्यावर.

मी हात ओढायला हवा होता. ओढला नाही, कारण डोक्यात अजून माती, पाणी, दाब असलंच काहीतरी चाललं होतं. मग माझ्या करंगळीला काहीतरी लागलं. लहान आणि गार. त्यानं करंगळी चाचपली, मग शेजारचं बोट, मग मधलं. बाजारात बायका भेंडी चाचपून घेतात तसं एकेक. अंगठ्यापर्यंत आलं, माझ्या राठ कातडीवर थोडं थांबलं आणि सोडून दिलं. त्या सोडण्यात जी नापसंती होती ती मी आजही विसरलेलो नाही. मी नको होतो. ज्याची वाट होती तो हात माझा नव्हता.

चेंडू मी कुठे टाकला आठवत नाही. गाडीत बसून दारं लावून घेतली आणि बराच वेळ मोठ्यानं श्वास घेत राहिलो.

५

घरी मी अक्षदाला सांगितलं, चाचणीपर्यंत माळावर जायचं नाही. सातव्या होलची जमीन खचली आहे.

“खचलेली नाहीये,” ती म्हणाली. जेवताना, पोळी मोडता मोडता. “तो बॉल देतो मला वर. वाकावंसुद्धा लागत नाही फार.”

मीना हसली. तिला ती थट्टा वाटली. अक्षदा हसली नाही, पण घाबरलेलीही नव्हती. तिच्या उजव्या हाताची बोटं मी तेव्हा नीट पाहिली. धुणं धुतल्यावर होतात तशी पांढरी पडून सुरकुतली होती.

“कधीपासून?” मी विचारलं.

“झाकणं बसवलीत ना, तेव्हापासून.” मग तिनं ताट उचललं. “बाबा, माझा हात आता थरथरत नाही. मला तेवढंच कळतं.”

दोन दिवसांवर चाचणी होती. मी फक्त तिच्याकडून वचन घेतलं, की ती जाणार नाही. तिनं दिलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी वावळवाडीत गेलो. मैनेचा सासरा हैबती पडवीत खाटेवर असायचा. क्लबाचे पहिले होल त्यानं खणले होते, साहेबलोकांच्या हाताखाली. इतिहासासाठी त्याला भेटायचं मी दोन महिने पुढे ढकलत होतो.

“हैबतीबाबा, क्लबाच्या आधी माळावर काय होतं?”

“काय नव्हता. गवात.”

“शेती? वरी, नाचणी?”

“नाय. त्या माळाव आमी कुदळ नेत नव्हतो.”

“कधीच नाही?”

मैना चुलीपाशी होती, तिचा हात थांबला.

“न्यायचो,” हैबती म्हणाला. “एकाच कामाला. ल्हान काम. खड्डा पन ल्हानच लागायचा.”

लहान मूल गेलं तर आपल्याकडे जाळत नाहीत, पुरतात. हे मला माहीत नव्हतं असं नाही.

“सायबांनी गली पाडायला सांगितल्या तवा मी माज्या आयेला इचारला,” तो पुढे म्हणाला. “ती बोलली, पाड बाबा, पोटाला लागता. पन दिस मावळला का त्यांच्या हातात कायतरी दे. मोकळ्या हातानं पोर झोपत नाय.” त्यानं माझ्याकडे पाहिलं. “सून सांगत व्हती, तुमी झाकना घातलीत.”

“हो,” मी म्हणालो. “घट्ट आहेत.”

“वरनं.”

“झाकण वरूनच घालतात, बाबा.”

त्यानं तोंड भिंतीकडे केलं. मैना उठून दारात आली होती आणि तिचा चेहरा राखेसारखा झाला होता. “मला काय म्हाईत?” ती म्हणाली. “म्हातारी मला फकस्त ठेव बोलली. कशाला ते बोलली नाय. मला वाटला, गल बुजवायची असेल.”

मलाही तसंच वाटलं होतं. धोंडे सिमेंटमध्ये होते. गवंडी उद्या येईल, मी म्हणालो, फोडून घेऊ. मैना म्हणाली, एक हाय. दहावा. टोपलीत जास्तीचा असायचा, तो तिनं कोंबड्यांच्या डालग्यावर वजन म्हणून ठेवला होता.

तो घेऊन ठेव, एवढं सांगून मी बाहेर आलो. उन्हं उतरली होती. खोऱ्यातून धुकं चढायला लागलं होतं. वर माळाकडे पाहिलं तर क्लबाच्या पडवीपाशी, चुना फासलेल्या धोंड्यांच्या शेजारी, अक्षदाची स्कूटर उभी होती.

६

त्या चढावर मी तरुणपणीही धावलो नसेन तसा धावलो. तिचं नाव घेऊन हाका मारल्या. धुक्यात आवाज चार पावलांवर जाऊन मुरत होता. पहिल्या हिरवळीवर कुणी नव्हतं. झाकण जागेवर, त्या दिवशी खेळ नव्हता म्हणून मैनेनं ते काढलंच नव्हतं. दुसऱ्यावर नव्हतं. मी मनाशी सांगत होतो, ती कपडे बदलायच्या खोलीत असेल, बूट घ्यायला आली असेल, उद्या पहाटे वरंध घाटानं पुण्याला निघायचंय, तिला सगळं आठवणीनं न्यायची सवय आहे. कारणं माझ्याकडे नेहमीच भरपूर असतात.

सातव्या हिरवळीवर तिची पिशवी आडवी पडली होती. काठी शेजारी. चेंडू एकही नव्हता.

अक्षदा जमिनीवर पालथी झोपली होती. गाल गवताला टेकलेला, डोळे उघडे. उजवा हात खांद्यापर्यंत होलात.

मला वाटलं, गेली. मी ओरडत तिच्यावर जाऊन पडलो आणि तिच्या खांद्याला धरलं.

“श्श,” ती म्हणाली.

तिनं डोळे माझ्याकडे वळवले. त्यांत वेदना नव्हती, भीती नव्हती. थोडा राग होता.

“बाबा, हळू बोल. आत्ताच झोपलाय.”

“अक्षू, हात काढ. हात काढ बाहेर.”

“काढला की उठतो.” ती कुजबुजत होती. “मघाशी दोनदा काढून बघितला. बोट घट्ट धरून ठेवतो रे. किती दिवस जागा होता कुणाला माहीत.”

“तू वचन दिलं होतंस मला.”

“त्याचं रडणं ऐकू येत होतं मला. घरी.” तिनं डोळे मिटले. “मीच लावलीय ना सवय. रोज हात दिला आणि रोज काढून घेतला.”

मी तिच्या काखेत हात घालून ओढलं. थोडी वर आली. आणि मग जमिनीतून आवाज आला. रडण्याच्या आधी मूल नाकातून जो कुरकुरता आवाज काढतं, तेवढाच. माझे हात आपोआप सैल झाले. बाप झालेल्या कुणाचेही झाले असते. अक्षदानं पुन्हा गाल गवताला टेकवला आणि आवाज थांबला.

उद्याची चाचणी, पुणे, संघ, हे सगळं माझ्या डोळ्यांसमोरून गेलं आणि मला त्यातलं काहीही नको झालं. मला फक्त माझी पोर उभी राहिलेली हवी होती.

७

मैना धापा टाकत आली तेव्हा अंधार पडायला थोडाच अवकाश होता. पदरात धोंडा होता. अक्षदाला तसं बघून तिनं तोंडावर हात दाबला आणि क्षणभर मला वाटलं, ही पळून जाणार. तिचे पाय खरोखरच मागे सरकले होते. मग ती खाली बसली.

“कुठला धरलाय, गो?”

“अंगठा सोडून सगळी,” अक्षदा म्हणाली.

“झोपलाय ना?”

“हो.”

“मंग ओढू नको. एकेक बोट काढ. ल्हानग्याच्या मुठीतनं पदर काढतात तसा. एक काढलास का तिथं धोंडा टेकव.”

तिनं धोंडा पोटाशी धरून चोळून चोळून ऊबदार केला. मग तो अक्षदाच्या दंडालगत होलात सरकवला आणि स्वतःचा हात मागोमाग घातला, मनगटापर्यंत. तिचे ओठ हलत होते. ती काय पुटपुटत होती ते मला कळलं नाही, देवाचं नाव तरी नव्हतं. मी अक्षदाचा दुसरा हात धरून बसलो. धुकं एवढं दाटलं होतं की हिरवळीची कड दिसत नव्हती.

हळूहळू अक्षदाचा दंड वर आला. मग कोपर. मग मनगट.

आणि त्या वेळी मी पाहिलं. बघायचं नाही असं ठरवलं होतं, तरी पाहिलं. पांढऱ्या कडेच्या आत, अगदी वर, धोंडा होता आणि त्याच्यावर चार बोटं मिटत होती. मनगटाला बाळांच्या हाताला असते तशी वळी होती. एवढंच. मग धोंडा खाली गेला. पडला नाही, नेला गेला, आणि कसलाही आवाज झाला नाही.

अक्षदा उठून बसली. मी तिला मिठी मारली. तिचा उजवा हात बर्फासारखा होता, पण होता, पाची बोटांसकट होता. मी रडत होतो, मैना रडत होती आणि अक्षदा आमच्या दोघांकडे नवल वाटल्यासारखी बघत होती. माझ्या जिवात जीव आला. “चल,” मी म्हणालो, “घरी चल. आई वाट बघत असेल.”

८

पहिला आवाज आठव्या होलच्या बाजूनं आला. प्लास्टिकवर टिचकी मारावी तसा.

मी मैनेकडे पाहिलं. तिनं रिकामा पदर दोन्ही हातांनी घट्ट धरला होता.

मग मागून, पाचव्याकडून. मग खालून, पहिल्या हिरवळीवरून, जिथलं झाकण मी येताना जागेवर पाहिलं होतं. ठक. ठक. थोडं थांबून पुन्हा. धुक्यात सगळ्या माळावर, कुठे हळू, कुठे जोरात, आतून. झाकणं खरंच घट्ट होती. साचेवाल्यानं काम चोख केलं होतं.

“ते ऐकत होते,” अक्षदा म्हणाली. “याला मिळालं ते त्यांना कळलं.”

“चल अक्षू.”

“बाबा, एकाला देऊन बाकीच्यांना कसं टाकायचं?”

मी तिचं मनगट पकडलं. ती माझ्याकडे वळली तेव्हा तिच्या चेहऱ्यावर माझी अक्षदा होती, लहानपणापासूनची, आणि तरी ते बघणं वेगळं होतं. घरात मूल रडतंय आणि दारात उभा राहिलेला पाहुणा बोलणं संपवत नाही, अशा वेळी आई त्या पाहुण्याकडे बघते तसं. मैना काहीतरी ओरडली. मी हात सोडला की तो माझ्या हातातून निसटला, हे मीना मला रोज विचारते आणि मला सांगता येत नाही.

“आले रे, आले,” अक्षदा म्हणाली, अगदी हळू, आणि आठव्याकडे निघाली. धुकं तिच्यामागे मिटायच्या आधी मला एवढंच दिसलं, की चालता चालता तिनं उजव्या हाताची बाही खांद्यापर्यंत वर सारली.